मोटारवालीच्या घरातला पड्या

मोटारवालीचं लग्न ठरत होतं तेव्हा पाहुण्यांनी विचारलं, मुलीला काय काय येतं? तिच्या मामानं मांडीवर थाप मारून सांगितलं, "मोटार भरते!" पाहुण्यांना वाटलं, मुलगी मोटार लावून पाणी भरते. त्यात काय मोठं, असा चेहरा करून बसले. मग मामानं खुलासा केला. जळालेल्या मोटारीतली जुनी तार उपसायची, खाचा साफ करायच्या, खाचेत कागद बसवायचा, नवी तांब्याची तार वेढा-वेढा मोजून घालायची, वार्निश पाजायचं, की मेलेली मोटार पुन्हा गुरगुरायला लागते. याला म्हणतात मोटार भरणं, आणि आमची पोरगी ते असं करते की बाप्यांनी बघत बसावं. तेव्हा पाहुण्यांतला नवरामुलगा पहिल्यांदा हसला.

"म्हणजे हाताला वार्निशचा वास," तो म्हणाला. "माझ्या अंगाला दगडाच्या पिठाचा. जमेल."

जमलं. तो फरशा कापायचा, बसवायचा, घासायचा. गल्लीत तो फरशीवाला आणि ती मोटारवाली. सकाळी दोघं एकदमच बाहेर पडायची. कोपऱ्यावर तो डावीकडे, ती उजवीकडे. मूलबाळ झालं नाही. सुरुवातीला बायका विचारायच्या, मग त्यांनीही नाद सोडला.

दुकानात तिचा ओटा मागच्या बाजूला होता. पंखे, पंप, मिक्सर, काय काय यायचं. ती मान वर न करता भरायची. मोटार भरून झाली की मेगर लावायची. मेगर म्हणजे दांडी फिरवायची पेटी. एक चिमटा आतल्या तारेला, एक मोटारीच्या अंगाला. दांडी गरागरा फिरवली की काटा सांगतो, आतली वीज अंगात झिरपतेय की नाही. झिरपतेय म्हटलं की मोटार पुन्हा ओट्यावर. दुकानाचा मालक मिस्त्री म्हणायचा, "बाईंनी पास केलेली मोटार मी डोळे मिटून मिठीत घेईन." मोटारवालीच्या लेखी जगात दोनच तऱ्हेच्या वस्तू होत्या, गळणाऱ्या आणि न गळणाऱ्या. तिचं काय चुकलं ते इथंच चुकलं, पण ते पुढं येईल.

फरशीवाला दगड कोरडाच कापायचा. पाणी सोडत कापला तर पीठ खाली बसतं, पण रेघ दिसत नाही, काम रेंगाळतं, वर चिखल उपसत बसावं लागतं. म्हणून कोरडाच. तोंडाला फडकं बांधायचा, घाम आला की तेही गळ्यात. संध्याकाळी घरी यायचा तेव्हा पापण्यासुद्धा पांढऱ्या असायच्या. ती म्हणायची, "आलं माझं म्हातारं." मग खरंच म्हातारा झाला. आधी जिना चढताना थांबायला लागला, मग मोरीपर्यंत जाताना. डॉक्टरांनी छातीचा फोटो उजेडापुढं धरला आणि म्हणाले, पीठ आत बसलंय, ते आता निघायचं नाही. घरी ऑक्सिजनचं मशीन ठेवा. चोवीस तास लावा.

मशीन घेऊन आलेला कंपनीचा माणूस नम्र होता पण हटवादी होता. घरातला जुना लाकडी बोर्ड बघितला आणि उंबऱ्यातच थांबला. "आधी अर्थिंग करा, आधी आरसीसीबी बसवा. नाहीतर मी मशीन उतरवत नाही." बसवून घेतली. भिंतीवर पांढरी डबी आली, तिला काळा खटका. तो माणूस तिला समजावत बसला. "ताई, ही डबी एकच गोष्ट बघते. एका तारेनं जेवढी वीज घरात आली, तेवढीच दुसरीनं परत गेली का. थोडीसुद्धा कुठं बाहेर सटकली, ओल्या फरशीत, कुणाच्या अंगात, की खटका पाडते. माणूस दगावायच्या आत. खटका पडला की घर बंद."

मोटारवालीनं मान डोलावली. हे तर तिचंच काम. भिंतीवर टांगलेला मेगर.

फरशीवाला पलंगावरून नाकातली नळी सावरत बघत होता. "आयुष्यभर पाण्यात उभं राहून पॉलिशचं मशीन चालवलं," तो म्हणाला. "तेव्हा कुठं होता हा पड्या?"

नाव त्यानंच ठेवलं. आणि पड्या त्याच दिवशी दुपारी पडला.

खट असा आवाज, पंखा मंदावला, आणि मशीननं किंचाळायला सुरुवात केली. वीज गेली की ते तसंच किंचाळतं. मोटारवाली मोरीतून धावत आली, हात पुसले, खटका वर केला. मशीन चालू. हसली. संध्याकाळी पुन्हा खट. दुसऱ्या दिवशी सकाळी, मग दुपारी. वेळ नाही, काळ नाही. कधी दिवसभर गुमान बसायचा आणि आता सुधारला म्हणावं तोच पडायचा. त्याहून वाईट म्हणजे कधीकधी खटका वर राहायचाच नाही. वर केला की पड, वर केला की पड. मशीन किंचाळतंय, नवऱ्याचे ओठ जांभळे व्हायला लागलेत, आणि ही बोटानं तो काळा खटका वर रेटतेय, जसं काही रेटून राहणार आहे. मग लहान सिलिंडर उघडायचा. तो दवाखान्यात येण्या-जाण्यापुरता दिलेला, फार पुरायचा नाही. आणि मग थोड्या वेळानं कुणी काही न करता पड्या शहाण्यासारखा वर राहायचा.

तिचं कामावर जाणं बंद झालं. पलंग बोर्डाखाली सरकवून बघितला. पण उठून, हात उंचावून खटका वर करायचा म्हणजे त्याला गड चढल्यासारखं. एकदा केला, आणि तसाच भिंतीला पाठ लावून खाली घसरला. त्यानंतर ती बोर्डापासून हाकेच्या अंतरापलीकडं गेली नाही. दूधवाल्याला दारात बोलवायची. मोरीचं दार उघडं ठेवून अंघोळ करायची. झोपेत कूस बदलली तरी खट ऐकू आल्यासारखं वाटून उठायची.

गल्लीतला वायरमन आला. त्याचं नाव पडलं होतं होऊन-जाईल, कारण काहीही विचारलं तरी तो तेच म्हणायचा. त्यानं टेस्टर इकडं तिकडं टोचला. "मशीनमध्ये लीकेज."

कंपनीच्या माणसानं मशीन बदलून दिलं. पड्या पडला.

"मग डबीच डुप्लिकेट." डबी बदलली. नवा पड्याही पडला.

"डायरेक्ट करून देतो," होऊन-जाईल म्हणाला. "डबीला बगल द्यायची. अख्खी गल्ली डायरेक्टवर आहे, कोण मेलं?"

"नको."

"वहिनी, तुम्हाला डबी जगवायचीय का नवरा?"

तिनं त्याला चहासुद्धा विचारला नाही. पण तो गेल्यावर त्याचं वाक्य पलंगाच्या कडेला बसून राहिलं.

मग तिनं स्वतःच हात घातला. दुकानातून मेगर मागवून घेतला आणि घरातली एकेक वस्तू जमिनीवर मांडली. फ्रिज तपासला. मिक्सर तपासला. टेबलफॅनचा काटा किंचित हलला असं वाटलं म्हणून त्या निरपराध पंख्याची आतडी काढून तो नव्यानं भरला. फरशीवाला बघत होता.

"गरिबानं काय केलं होतं तुझं?"

"गळत असेल."

"मी गळतोय की नाही बघ. लाव चिमटे."

"लावीन हां. दातओठ खाल मग."

तो हसला आणि हसण्याचा खोकला झाला. खोकला थांबेपर्यंत तिनं पाठ चोळली.

तिनं घरातल्या सगळ्या पिना काढल्या. फक्त मशीन ठेवलं. पडला. मग त्याला थोडा वेळ सिलिंडरवर घेऊन मशीनही काढलं, एकही वस्तू चालू नाही, दिवासुद्धा नाही, आणि ती खटक्याकडं टक लावून उभी. खट. कशानं? ती म्हणाली, मग भिंतीत ओल. छिन्नी-हातोडी घेतली आणि तारांच्या वाटेवरचा गिलावा फोडत गेली. पलीकडून कुणीतरी भिंतीवर धपाधप मारलं.

पलीकडं थोरली जाऊ राहायची. ते आधी एकच घर होतं. सासू गेल्यावर दोन भावांत वाटणी झाली, भांड्यावरून सुरू झालं ते चपलांपर्यंत आलं, आणि मधे भिंत उभी राहिली. दोन दारं, दोन मीटर. गच्चीवर जायचा जिना तेवढा समाईक, कारण तो चिरता येत नव्हता. भिंत झाल्यापासून दोन्ही घरांत बोलणं नाही. कपडे वाळत घालायला जाऊ वर जायची तेव्हा तिच्या बादलीचा आवाज यायचा, आणि हल्ली तिचं बडबडणंही. मोटारवालीनं त्याच्याकडं कधी कान दिला नव्हता. तिला आता एकच आवाज ऐकू येत होता.

भिंतीतल्या ताराही ठणठणीत निघाल्या. मोटारवाली ढिगाऱ्यात बसली. आयुष्यभर कुठून गळतंय ते शोधलं, आणि आता आपल्याच घरात सापडत नाही. घरात गिलाव्याची धूळ झाली म्हणून नवऱ्याला दिवसभर ओल्या चादरीआड ठेवावं लागलं, ते वेगळंच.

मिस्त्रीचा फोन आला. तो चांगला माणूस होता, म्हणून आडवळणानं बोलला. "बाई, ओट्यावर मोटारी साचल्यात. गिऱ्हाईक ओरडतंय. तुमच्या जागी कुणाला तरी बसवावं लागेल हो. वाईट वाटून घेऊ नका."

"येते," ती म्हणाली. "उद्या येते."

दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं पक्कड घेतली आणि डबीला बगल दिली. तिला ते काय अवघड होतं? पड्या भिंतीवर नुसता शोभेला राहिला. फरशीवाल्याच्या उशाशी तिनं पाणी, फोन, गोळ्या ठेवल्या.

"जा," तो म्हणाला. "आता नाही पडत ते. आधीच करायला हवं होतंस."

ती निघाली. कोपऱ्यावर उजवीकडं वळली. बाजार ओलांडला. आणि दुकानाच्या अलीकडच्या चौकात तिचे पाय थांबले. पुढं दुकानाची पाण्याची टाकी दिसत होती, पंप तपासायची. तिथं एकदा गिऱ्हाईक म्हणून आलेला एक माणूस दगावला होता. आपला पंप कसा चालतो ते बघायला पुढं आला, ओल्या जमिनीवर उभा राहून कौतुकानं पंपाच्या पाठीवर हात ठेवला, आणि हात तिथंच राहिला. दुसऱ्या कुणाच्या तरी ओट्यावर भरलेला पंप होता तो, मेगर न लावता बाहेर आणलेला. मोटारवालीनं त्या माणसाचा चेहरा बघितला होता. तो ओरडतही नव्हता. तो तिच्याकडं बघत होता आणि हात सोडत नव्हता.

घरी लोखंडी पलंग. मशीनला पाण्याची बाटली. खाली अंग पुसायचं पाण्याचं घमेलं. नवरा त्यात पाय सोडून बसायचा.

ती वळली आणि पळत सुटली. रिक्षा करायचंही सुचलं नाही. दार उघडलं तर तो आरामात वर्तमानपत्र वाचत होता.

"का आलीस?"

तिनं सिलिंडर लावून दिला, बगल काढली, पड्याला पुन्हा कामाला लावलं, मशीन चालू केलं.

"अगं मला बरं वाटत होतं! पहिल्यांदा बरं वाटत होतं!" तो ओरडला, म्हणजे त्याला जेवढं ओरडता येतं तेवढं. "असं बसून बसून दोघांनी मरायचंय का? पोट कसं भरायचं? तू भरणार काय फक्त मोटारी?"

"बोलू नका. धाप लागेल."

"लागू दे!"

खट.

मशीन किंचाळलं. तिनं खटका वर केला. पडला. वर केला. पडला. आणि आज, कदाचित दार उघडंच राहिलं होतं म्हणून, तिला जिन्यातून आवाज ऐकू आला.

"विझव! अजून विझव! मेली नाही ना मी अजून!"

मोटारवाली सिलिंडर उघडून बाहेर धावली. जिना चारी बाजूंनी बंद, भर दिवसाही अंधारगुडूप. मधल्या पायरीवर जाऊ बसली होती. शेजारी ओल्या कपड्यांची बादली, गुडघ्याला पट्टी, आणि एक हात भिंतीवरच्या बटणावर. ती ते रागानं खालीवर करत होती.

"काय करताय ताई तुम्ही?"

"मी काय करतेय? तू काय करतेस ते सांग! तुझं ते मशीन घरात आलं तेव्हापासून बघतेय. मी जिन्यात पाऊल टाकलं, दिवा लावला, की पेटतो नि विझतो. पाळत ठेवून असतेस? मागल्या पंधरवड्यात पडले इथं. गुडघा बघ हा! भिंत घातली तेवढ्यानं पोट नाही भरलं तुझं?"

"तुम्ही दिवा लावलात? आत्ता?"

"लावू नको? अंधारात मरू?"

"कितीदा लावता?"

"कपडे घालायला एकदा, काढायला एकदा, टाकी बघायला एकदा. हिशेब देऊ का तुला?"

मोटारवालीनं वळून आपल्या दाराकडं बघितलं. "बंद करा."

"का म्हणून?"

"पाया पडते. बंद करा."

तिचा आवाज ऐकून जावेनं बटण बंद केलं. मोटारवाली आत धावली. खटका वर केला. राहिला. मशीन घुमायला लागलं. "लावा!" ती आतून ओरडली. टक. खट. मशीन किंचाळलं.

जाऊ दारात येऊन उभी राहिली. लंगडत. आणि तिनं पहिल्यांदा आतलं बघितलं. फोडलेल्या भिंती, पलंग, आणि पलंगावर तिचा दीर, जो पूर्वी एका खांद्यावर फरशी घेऊन हा जिना चढायचा. तिचा हात तोंडाकडं गेला, पण जीभ अजून भांडणातच होती. "म्हणजे मी दिवा लावला की याचा जीव जातो? मी काय चेटूक करते, असं म्हणायचंय तुला?"

"तुम्ही काही करत नाही हो. थांबा जरा. मला बघू द्या."

तिनं जिन्यातल्या बटणाची पाटी उघडली. लाल तार थोरल्यांच्या भिंतीत जात होती. दिव्याकडून परत येणारी काळी तार मोटारवालीच्या भिंतीत. तिचा पड्या पडलेला, म्हणजे तिचं घर पूर्ण बंद. तरी तिनं काळ्या तारेला टेस्टर लावला तर टेस्टर पेटला. ती ते बघत राहिली.

दिव्यात वीज यायची थोरल्यांच्या घरातून, आणि परत जायची हिच्या घरातून, पड्याच्या पोटातून. गळत काहीच नव्हतं. पंखा गळत नव्हता, भिंत गळत नव्हती. इतके दिवस ती शोधत होती की घरातून परत जाताना कमी कुठं पडतंय, आणि कमी पडतच नव्हतं. जास्त जात होतं. लग्नघरात पाच पाहुणे आत जाऊन सहा बाहेर आले, तरी दारवान हटकणारच. मोटार भरणाऱ्या बाईला हे सुचलं नाही, कारण मोटारीत कधी कुणाची जास्तीची वीज येत नाही. मोटार फक्त गळते.

ती आत येऊन नवऱ्यापुढं उभी राहिली. जाऊ मागोमाग.

"अहो. जिन्यातला दिवा कुणी जोडला होता?"

फरशीवाल्यानं सिलिंडरची नळी सारखी केली. भिंतीकडं बघितलं. त्याच भिंतीकडं.

"अहो!"

"मीच," तो म्हणाला. एकेक शब्दाला थांबत. "वाटणीच्या दिवशी. म्हटलं, जिन्याचं बिल दादा भरू दे. लाल त्याच्याकडची घेतली. काळीला काय... बिल येत नाही. ती आपली जवळ होती."

जाऊ ऐकत होती. तिच्या तोंडून हसण्यासारखं काहीतरी निघालं, पण ते हसणं नव्हतं. "आमचीच वीज," ती म्हणाली, "आणि आमचाच गुडघा." वळली, बादली तिथंच ठेवून आपल्या घरात गेली, आणि दार आपटलं.

मोटारवालीला आता एवढंच करायचं होतं: ती काळी तार तोडून टाकायची. पक्कड हातात होती. पण नुसतं आपलं घर बंद करून भागत नव्हतं. त्या तारेत पलीकडची वीज दिव्यातून उतरत होती. ती तार हातात असताना पलीकडच्या कुणी रागाच्या भरात बटण दाबलं, तर पड्याला कळायचंसुद्धा नाही. थोरल्यांचा फ्यूज निघाला पाहिजे. आणि सिलिंडरचा काटा तर आत्ताच तांबड्याकडं झुकायला लागला होता.

तिनं जिन्यातलं बटण बंद केलं, खटका वर करून नवऱ्याला पुन्हा मशीनवर घेतलं आणि जावेचं दार वाजवलं. या उंबऱ्यावर ती वाटणीनंतर पहिल्यांदाच उभी होती. थोरले दीर किल्ल्या बनवायचे. खिडकीपाशी मांडीवर फळी घेऊन किल्ली घासत बसले होते. बायकोनं सगळं सांगितलेलं दिसत होतं. त्यांनी मान वर केली नाही.

"भावोजी, तुमचा फ्यूज थोडा वेळ काढा. मी तार तोडते. परत त्रास नाही."

कानस घासत राहिली. "कुणी जोडली म्हणतेस?"

"त्यांनी."

"त्याला सांगायला पाठव. त्याच्या तोंडानं. इतकी वर्षं आम्ही याची वीज जाळतोय असं हाच गल्लीभर सांगत होता."

"त्यांना चालवत नाही भावोजी."

"या दारापासून त्या दारापर्यंत? लहानपणी दिवसातून दहादा जिन्यात उड्या मारायचा."

"भावोजी, त्यांना खरंच..."

"त्याच्या तोंडानं," ते म्हणाले, आणि किल्ली उजेडाकडं धरून दाते बघायला लागले.

मोटारवाली काय बोलणार होती ते तिलाही माहीत नव्हतं. शिव्या द्याव्यात की पाय धरावेत. तिनं दोन्हीसाठी तोंड उघडलं होतं. मागं काहीतरी घासल्याचा आवाज आला. फरशीवाला दारात उभा होता. नाकात नळी, हातात सिलिंडर जमिनीवरून ओढत आणलेला, दुसरा हात चौकटीला. तेवढ्या चार पावलांत त्याचं तोंड राखेसारखं झालं होतं. त्यानं भावाकडं बघून तोंड उघडलं. शब्द निघेना. नुसती शिटी वाजल्यासारखी हवा. पुन्हा उघडलं. पुन्हा तेच.

थोरल्यांच्या हातून कानस पडली.

"बस खाली," ते म्हणाले. "बस, बस रे गाढवा, बस खाली! कुणी सांगितलं उठायला? अगं, धर त्याला!"

दोघींनी धरला. भावोजी उठले, खुर्ची पडली ती उचलली नाही, आणि बोर्डातला फ्यूज उपसून काढून मुठीत आवळून उभे राहिले. "जा," ते मोटारवालीला म्हणाले. "तोड जा. लवकर."

तिनं आपलं घरही बंद केलं. जाऊ टॉर्च घेऊन तिच्यामागं जिन्यात आली. टॉर्च हलत होता.

"हात स्थिर धरा ताई."

"गुडघा दुखतोय."

"टेस्टर लावते. बघा, पेटतोय का?"

"नाही पेटत."

"नक्की?"

"अगं नाही म्हटलं ना. मला काय तुझं मढं पाहिजे इथं?"

तिनं काळी तार कापली. दोन्ही टोकांना पट्टी गुंडाळली, मोटारीत गुंडाळते तशी, घट्ट, एकावर एक. मग घरात पळाली, खटका वर केला. "भावोजी, घाला फ्यूज! ताई, बटण लावा!"

टक. दिवा लागला नाही. पड्या वर. मशीन घुमत राहिलं.

"परत लावा."

टक, टक, टक. काही नाही.

मग तिला आणखी एक करणं भाग होतं. डबीवर एक छोटं बटण असतं. ते दाबलं की खटका पडलाच पाहिजे, तरच डबी जिवंत. इतके दिवस ते दाबायची गरज पडली नव्हती. तिनं डोळे मिटून दाबलं. खट. तिनं लगेच वर केला, आणि भिंतीला कपाळ टेकून उभी राहिली.

भावानं एकट्यानंच फरशीवाल्याला उचलून पलंगावर आणून ठेवला. मशीन लावलं. जाऊ बादलीतले कपडे तसेच पिळत बसली, जमिनीवर पाणी सांडत. भावोजी फोडलेल्या भिंतीच्या खाचेतून बोट फिरवत राहिले. "माझ्याकडच्या दोन्ही तारा घे जिन्याला," ते भिंतीलाच म्हणाले. "लाल नि काळी. दोन्ही."

संध्याकाळ झाली. पड्या पडला नाही. मोटारवाली त्याच्याकडं बघत होती, मग नवऱ्याकडं. मशीन एकसारखं चालत होतं, बाटलीत बुडबुडे येत होते, आणि त्याचे ओठ अजून जांभळेच होते. त्या चार पावलांची धाप अजून उतरली नव्हती. रोज पड्या पडला की ती म्हणायची, वीज गेली म्हणून ओठ असे झालेत, आत्ता येतील मूळपदावर. आज वीज गेली नव्हती. दिवसभरात पहिल्यांदा सगळं नीट चालत होतं, आणि त्याची छाती तशीच वरखाली ओढत होती. शोधायला आता घरात काहीच उरलं नव्हतं. उघडून बघायला पंखा नव्हता, फोडायला भिंत नव्हती.

मिस्त्रीचा फोन वाजला. तिनं बघितला आणि वाजू दिला.

"घे की," फरशीवाला म्हणाला.

"घेईन."

"काय बघतेस? चालू आहे ना?"

"चालू आहे."

"मग उद्या जा कामाला." त्यानं श्वास गोळा केला. "दादा येईल बसायला. मघाशी म्हणाला."

"काय म्हणाला?"

"गाढवा म्हणाला."

ती पलंगाच्या कडेला बसली. फोन थांबून पुन्हा वाजायला लागला होता. तिनं त्याचा हात आपल्या वार्निशनं कडक झालेल्या हातात घेतला. त्याची नखं निळी होती. तिनं ती आपल्या तळव्याखाली झाकली, आणि दुसऱ्या हातानं फोन कानाला लावला.

"येते," ती म्हणाली. "हो. सकाळी येते."